सातशे अकरा कट

(मनामा, उम्म अल हस्सम. एका फिल्म कंपनीची एडिटिंगची खोली. गुरुवार, दुपारचे साडेतीन.)

नजीब : मी नाय खोडणार. ज्याला खोडायचंय त्यानं आपल्या हातानं खोडावं. ही खुर्ची, हा माउस. बसा.

निवेदिता : नजीब, एक ओळ आहे. 'एडिटर'च्या पुढे यूदित साबो आहे. ते काढायचं, नजीब मुकादम लिहायचं आणि फाइल पाठवायची. पाच वाजता फेस्टिव्हलचं पोर्टल बंद होतंय. मला हे सॉफ्टवेअर येत असतं ना, तर तुला विचारलंही नसतं.

नजीब : बाहत्तर वर्षांची बाई बुडापेस्टवरनं इथं आली, आठ महिने ह्या खुर्चीच्या मागं बसून तुमची फिल्म उभी केली, आणि तुम्ही बोलता एक ओळ.

निवेदिता : आवाज खाली. बाहेर गौरव बसलाय.

नजीब : बसू दे. बसायचाच पगार आहे त्याला. दत्तासरांचा पुतण्या. काकाची कंपनी, काकाचा एसी.

निवेदिता : हे बघ, मलाही हे आवडत नाहीये. पण कारण कायद्याचं आहे. यूदित व्हिजिट व्हिसावर होती. व्हिजिट व्हिसावर काम करता येत नाही. पडद्यावर तिचं नाव आलं, की आम्ही तिच्याकडून आठ महिने बिनपरवाना काम करून घेतलं हे आमचं आम्हीच जाहीर केल्यासारखं होतं. दंड होईल, कदाचित कंपनीला कुलूप लागेल. अकरा माणसांचे व्हिसा आहेत या कंपनीवर. तुझाही त्यातच आहे.

नजीब : मग वर्क व्हिसा का नाय काढला?

निवेदिता : राहून गेला.

नजीब : राहून नाय गेला, मॅडम. दत्तासर माझ्यासमोर बोलले, म्हातारी आहे, दोन महिन्यांत काम उरकून जाईल, कशाला कागद रंगवायचे. दोनाचे आठ झाले. दर महिन्याला मी तिला गाडीत घालून कॉजवेच्या पुलावरनं सौदीत न्यायचो, शिक्का मारून परत आणायचो. आठ वेळा. प्रत्येक वेळी ती पासपोर्ट मांडीवर धरून बसायची, शाळेतल्या पोरीसारखी. आणि राहायला काय दिलंत? हमद टाउनमधे खोली, एसी मेलेला. जुलैमधे बाई गळ्याला ओला टॉवेल गुंडाळून यायची. दुपारपर्यंत टॉवेलला वास मारायचा. मला शरम वाटायची.

निवेदिता : तो टॉवेल मी आणून दिला होता.

नजीब : एसी नाय दिला. टॉवेल दिला.

निवेदिता : टोमणे मारून झाले असतील तर कामाचं बोलू या?

नजीब : कामाचंच बोलतोय. ती यायच्या आधीची फिल्म आठवते? सरांनी स्वतः जोडलेली? सव्वादोन तास. अर्धा वेळ ड्रोन, वरनं मुहर्रकचा किनारा, वरनं गलबत, वरनं ढग. उरलेला अर्धा वेळ सरांचा आवाज. 'समुद्र ही माझी आई आहे.' डोंबिवलीचा माणूस!

निवेदिता : हसू नकोस. ते वाक्य मी लिहिलं होतं.

नजीब : तुम्ही?

निवेदिता : मी. सगळं निवेदन मी लिहिलंय, आत्ताचं सुद्धा. आणि तुझ्या त्या पडद्यावर बघ माझं नाव कुठे आहे. खाली. ड्रायव्हरच्या वर, केटरिंगच्या खाली. प्रॉडक्शन को-ऑर्डिनेटर.

नजीब : आणि लेखन?

निवेदिता : लेखन-दिग्दर्शन, दत्तप्रसाद. एकाच पाटीवर. मी काही बोलले नाही, कारण मला इथे राहायचंय. माझ्या ओजसची दहावी आहे. आता तू मला नीतीचे धडे शिकवणार का?

नजीब : मला माहीत नव्हतं.

निवेदिता : कुणाला माहीत असतं? यूदितला मात्र एका नजरेत कळलं होतं. पहिल्याच आठवड्यात मला म्हणाली, हे तू लिहिलंयस ना. म्हटलं, हो. म्हणाली, अर्धं मी फेकणार आहे, राग मानू नकोस. आणि फेकलंन. जे उरलं ते खरंच चांगलं होतं.

नजीब : तिची सवयच ती. आधी तीन दिवस सगळं शूटिंग आवाज बंद करून बघितलं. मी बोललो, नेनी, आवाज लावू का? त्यांच्याकडं मोठ्या बाईला नेनी बोलतात. तर बोलली, नको, आवाज खोटं बोलतो. आपला खिजरचाचा, ऐंशी वर्षांचा सुतार, जन्मभर गलबतं बांधली, त्याची बोली रत्नागिरीची. हिला त्यातला एक शब्द कळत नव्हता. पण चाचा कुठं खरं बोलतोय आणि कुठं कॅमेऱ्यासाठी बोलतोय, ते बरोबर काढायची. मी नंतर अर्थ सांगायचो, तर तसंच निघायचं. आणि तो हाताचा शॉट...

निवेदिता : ज्याच्यामुळे फेस्टिव्हलनं घेतली.

नजीब : तो शॉट नव्हताच. सर 'कट' बोलून चहाला गेले, कॅमेरा बंद करायला झुबेर विसरला. चाचा एकटा बसलाय, आणि त्याचा हात बाकावर काय तरी चाचपतोय. वाकस शोधतोय, लाकूड तासायचं हत्यार. सहा वर्षं झाली काम सोडून, वाकस कधीच विकलाय, पण हात शोधतोय. तो तुकडा कचऱ्यात होता, मॅडम. 'फालतू' नावाच्या फोल्डरात. मीच टाकला होता. तिनं तो काढला आणि फिल्मच्या सुरुवातीला ठेवला. बाकी सगळी फिल्म त्या हातामागनं चालते.

निवेदिता : माहितीये मला. मी रडले होते.

नजीब : आणि तिची जिंदगी अशीच गेली. अडतीस फिल्मी. चौदा तर नवऱ्याच्याच. नवरा डिरेक्टर. तो शूटिंग करायचा, मग प्यायचा, आणि ही तीन-तीन महिने बसून त्याचा कचरा उपसायची. बक्षीस घ्यायला तो स्टेजवर, ही खाली त्याचा कोट सांभाळत. मग तिकडचा सरकारी स्टुडिओ बंद पडला, तर साबणाच्या जाहिराती कापल्या. मग परदेशी कंपन्या स्वस्त पडतं म्हणून तिकडं शूटिंगला यायला लागल्या. त्यांच्या बिघडलेल्या फिल्मी हिनं नीट करून द्यायच्या. नाव नाय. नाव घातलं तर लोकांना कळेल ना, बिघडली होती म्हणून.

दत्तप्रसाद : वा! भाषण चाललंय. बाहेर रिसेप्शनपर्यंत ऐकू येतंय, बाळा. फाइल गेली?

निवेदिता : नाही, सर. नजीब तयार नाहीये.

दत्तप्रसाद : तयार नाही? रविवारी गाडीत मी तुला सगळं सांगितलं, तेव्हा तर मान खाली घालून गुपचूप ऐकत होतास.

निवेदिता : रविवारी? नजीब, तुला रविवारपासून माहीत होतं?

नजीब : मी हो नाय बोललो.

दत्तप्रसाद : 'नाही'सुद्धा नाही म्हणालास. उतरताना 'थँक्यू सर' म्हणालास.

नजीब : ते घरापर्यंत सोडलंत म्हणून.

दत्तप्रसाद : बरं. आता मला एक सांग. या फिल्ममध्ये कट किती?

नजीब : सातशे अकरा.

दत्तप्रसाद : आणि त्यांतले किती म्हातारीनं केले? कीबोर्डला कधी हात तरी लावला तिनं? बाईला कॉम्प्युटर चालू करता येत नव्हता. सातशे अकराच्या सातशे अकरा कट तुझ्या बोटानं झालेत. तुझ्या लॉगिननं. कुणी तपासलं तरी तेच दिसेल. मग खोटं काय लिहितोय आपण?

नजीब : तिच्या हातात पेन्सिल असायची.

दत्तप्रसाद : काय असायची?

नजीब : पेन्सिल. ती मागं बसायची, फिल्म चालू. जिथं कापायचं तिथं टेबलावर टक् करायची. मी बटण दाबायचो. टक्, दाबलं. टक्, दाबलं. आठ महिने. बटण माझं, सर. टक् तिचं.

दत्तप्रसाद : मग आपण पेन्सिलला क्रेडिट देऊ. हबीबी, इतकं हळवं होऊन या धंद्यात राहता येत नाही. आणि तू काय निव्वळ बटण होतास? निवेदिता म्हणत होती, शेवटी शेवटी तू टक् व्हायच्या आधीच दाबायला लागला होतास. बरोबर त्याच जागी. म्हातारी हसली होती म्हणे.

नजीब : तीनदा. सातशे अकरात तीनदा.

दत्तप्रसाद : लोक तीनसुद्धा न करता एडिटर होतात. मी कुणाचं चोरत नाहीये. चार वर्षं या फिल्मच्या मागे धावलोय मी. माझं घर मोडलं, अरुणा मुलं घेऊन पुण्याला गेली. आणि एका व्हिसाच्या शिक्क्यापायी मी ही बुडू देऊ? नाव, नाव काय लावलंय? खिजरचाचानं पन्नास गलबतं बांधली. एकावर तरी त्याचं नाव आहे?

नजीब : नाय. पण दुसऱ्याचंपण नाय घातलं कुणी.

दत्तप्रसाद : जीभ चांगली चालते. बरं, मग ऐक. तुझं नको तर गौरवचं घालतो. घरचाच आहे, रडणार नाही. मग तू राहा असिस्टंट. म्हातारीचं नाव दोन्हीकडून जाणारच आहे. प्रश्न इतकाच, की ती जागा ज्यानं घाम गाळला त्याला मिळणार, का त्या दिवसभर मोबाइल बघणाऱ्या गौरवला. आणि दुसरी गोष्ट. रविवारी बोललो होतो तो फॉर्म माझ्या टेबलावर पडलाय. डेजिग्नेशन एडिटर झालं की तुझा पगार फॅमिली व्हिसात बसतो. तुझी बायको, शरीफुन्निसा, किती वर्षं रत्नागिरीला आहे?

नजीब : चार.

दत्तप्रसाद : आणि मुलगी?

नजीब : अल्फिया. पावणेचार.

दत्तप्रसाद : आणि तू तिला बघितलंस किती दिवस?

नजीब : दोन सुट्ट्या. सत्तर दिवस असतील.

दत्तप्रसाद : मी वाईट माणूस असेन. पण फॉर्म मीच मागवलाय. बरं, मी सूकच्या बाजारात जाऊन येतो. फेस्टिव्हलसाठी सूट शिवायला टाकलाय, फिटिंग आहे. आणि निवेदिता, स्टेजवर बोलायचे चार मुद्दे काढून ठेव. तो हाताचा शॉट त्यात घे. मी झुबेरला मुद्दाम सांगितलं होतं, कॅमेरा चालू ठेव, असं.

निवेदिता : सर, तुम्ही चहाला गेला होतात.

दत्तप्रसाद : तर लिही, 'चहाला जाण्याचं नाटक केलं.' ते तर आणखी छान वाटेल. यल्ला, आटपा. पाचच्या आत. खलास.

नजीब : गेला?

निवेदिता : गेला. लिफ्टचा आवाज झाला.

नजीब : थुंकावंसं वाटतं.

निवेदिता : थुंक. कार्पेट त्याचंच आहे.

नजीब : त्याच्यावर नाय. त्याचं बोलणं ऐकताना मधेच मला पटलं. घाम मी गाळला, असं. एक क्षण. त्याच्यावर थुंकून काय होणार?

निवेदिता : तू मला रविवारचं का नाही सांगितलंस?

नजीब : काय सांगणार होतो? मॅडम, तुम्हाला एक सांगतो, यूदित नेनीचं. कुणाला बोलू नका. शेवटच्या फेरीला कॉजवेवर गाड्या तुंबल्या होत्या. दीड तास एका जागी. तेव्हा ती बोलली. ती तेवीस वर्षांची होती, स्टुडिओत एर्झी नेनी म्हणून एका मोठ्या एडिटर बाईच्या हाताखाली. त्या वेळी फिल्म खरोखरची कापायचे, पांढरे हातमोजे घालून, चिकटपट्टीनं जोडायचे. एर्झी नेनीनं एक फिल्म पुरी केली आणि तिचा मुलगा सुट्टीला म्हणून व्हिएन्नाला गेला तो परत आलाच नाय. पळाला. तिकडं तेव्हा कम्युनिस्टांचं राज्य, पळालेल्याच्या आईचं नाव पडद्यावर चालत नव्हतं. साहेब बोलले, पोरीचं घाला.

निवेदिता : कुठल्या पोरीचं?

नजीब : हिचं. यूदितचं.

निवेदिता : मला कधी बोलली नाही.

नजीब : नवऱ्यालापण बोलली नव्हती.

निवेदिता : मग काय केलं तिनं?

नजीब : रडली. दिवसभर स्टुडिओच्या कॉरिडॉरमधे रडली. मला बोलली, लोकांना दिसेल असं रडले, म्हणजे नंतर कुणी नाव ठेवायला नको. आणि संध्याकाळी सही केली.

निवेदिता : आणि एर्झी?

नजीब : तिला त्याच इमारतीत ठेवली. तळघरात. कापून टाकलेले तुकडे निवडून डब्यात भरायला. अकरा वर्षं. रोज जिन्यात दोघी समोरासमोर यायच्या. आणि एर्झी नेनी विचारायची, जेवलीस का.

निवेदिता : शी.

नजीब : त्या फिल्मला बक्षीस मिळालं. आजपण तिकडं फिल्मच्या शाळेत दाखवतात, यूदित साबोचे कट बघा म्हणून. त्यातला एकपण तिचा नाय. मी विचारलं, नेनी, घाण नाय वाटली? बोलली, मी वाट बघत होते. आज वाटेल, उद्या वाटेल. पण दुसरं काम आलं, मग तिसरं. हात कामात असला की घाण वाटायला सवड मिळत नाय. मग कधी तरी एका हॉटेलात, जेवणाच्या टेबलावर, कुणी तरी त्या फिल्मसाठी ग्लास उचलला आणि हिला एकदम वास आला. स्वतःचा. तेव्हा पन्नाशी उलटलेली. एर्झी नेनी मरून गेलेली.

निवेदिता : तिनं तुलाच का सांगितलं हे?

नजीब : तेच कळत नाय. तेव्हा तर नावाचा विषयपण नव्हता निघाला. तिला आधीच दिसलं असेल. सगळं आवाज बंद करून बघायची ना.

निवेदिता : नजीब, आता मी एक सांगते. मी सकाळी तिला फोन केला होता.

नजीब : कुणी सांगितलं होतं करायला?

निवेदिता : कुणीच नाही. तिचं नाव तिला न सांगता काढायचं, एवढी मी अजून पडलेली नाही. सांगितलं सगळं. व्हिसाचं, दत्ताचं. मग म्हणाली, ठीक आहे, नजीबचं घाला.

नजीब : एवढंच?

निवेदिता : नाही. त्याआधी विचारलं, त्याला हवंय का?

नजीब : तुम्ही काय बोललात?

निवेदिता : मी हो म्हणाले.

नजीब : मला न विचारता?

निवेदिता : तुला न विचारता. आता विचारते. मी खोटं बोलले का?

नजीब : हे काय विचारणं झालं?

निवेदिता : सरळ विचारणं झालं. तू तासभर माझ्यावर ओरडतोयस. मी ऐकून घेतलं, कारण तू म्हणतोयस ते खरं आहे. हे सगळं किळसवाणं आहे, आणि त्यातली अर्धी घाण मी माझ्या हातानं कालवली आहे. तर आता ऐक. पोर्टलचा पासवर्ड माझ्याकडे आहे. दत्ताकडे नाही. तू म्हण, मॅडम, तुम्ही खोटं बोललात, मला नकोय. मी आत्ता यूदितला फोन लावते, तिची माफी मागते, आणि फाइल आहे तशी पाठवते. तिच्या नावानं. एकदा गेली की फिल्म बदलता येत नाही, नियम आहे त्यांचा. गौरवचं नाही, कुणाचंच नाही. पुढे जे होईल ते दोघांचं. दंड झाला तर झाला, नोकरी गेली तर गेली. ओजसला मी काहीतरी समजावीन.

नजीब : तुम्ही रागात बोलताय.

निवेदिता : रागातच बोलतेय. बारा वर्षं शांतपणे बोलून बघितलं. तू फक्त एक शब्द म्हण. 'खोटं.'

नजीब : तुमचा मुलगा इथं तुमच्यापाशी आहे, मॅडम.

निवेदिता : आहे.

नजीब : अल्फिया मला फोनवर 'फोनवाले अब्बा' बोलते. तिच्या मामाला नुसतं अब्बा बोलायला लागली होती, शरीफुन्निसानं दटावलं.

निवेदिता : मी तुला काही म्हणत नाहीये, नजीब. मी विचारतेय.

नजीब : सौदीच्या बाजूला, गाडीतच ती मला शिकवायची. पुढची गाडी कधी हलणार, ब्रेकच्या दिव्याकडं बघून सांग. आधी सांग, हलल्यावर नको. तसली बाई परत मला कुठं भेटणार आहे?

निवेदिता : नाही भेटणार. म्हण ना मग.

नजीब : किती वाजले?

निवेदिता : चार वाजून सव्वीस मिनिटं.

नजीब : नाव बदललं की शेवटची पाटी नव्यानं बनवावी लागते. वीस मिनिटं जातात. सरका जरा, मला माउस द्या.

निवेदिता : नजीब.

नजीब : सरका, मॅडम. वेळ जाईल.

निवेदिता : हं. घे.

नजीब : आणि तुमचं नाव? 'लेखन'मधे टाकू का? आता उघडलंच आहे तर?

निवेदिता : नको. असल्या हातानं माझं नाव नको लिहूस.

नजीब : बरं.

निवेदिता : झालं का?

नजीब : होतंय. सत्तर टक्के. नव्वद. झालं. तुमचा पासवर्ड.

निवेदिता : टाकला. जातेय. गेली. पोच आली.

नजीब : कुणाच्या नावानं आली?

निवेदिता : तुझ्याच. एडिटरला वेगळी पाठवतात, 'डिअर मिस्टर मुकादम' आहे. वाचायचंय?

नजीब : नाय.

निवेदिता : मग शरीफुन्निसाला फोन कर. फॉर्मला तिचे आणि अल्फियाचे फोटो लागतील, पांढऱ्या पडद्यापुढे काढलेले. आजच पाठव म्हणावं, म्हणजे सर आल्याबरोबर सही करतील.

नजीब : आहेत माझ्याकडं. सोमवारीच मागवले.